केक कापताना कोणते सूर?

लग्नसराई सुरू झाली की साताऱ्यातील आणि सांगलीतील मंगल कार्यालये सनई-चौघड्याने दुमदुमू लागतात. मुहूर्ताला मंगलाष्टके, वरातीला बँड आणि सायंकाळी स्वागत समारंभ हा क्रम सर्वांच्या परिचयाचा आहे. या क्रमात आता केक कापण्याचीही भर पडली आहे. मंगलाष्टकांची चाल पिढ्यान्‌पिढ्या ठरलेली आहे. केकसाठी मात्र अशी रूढी नाही. परिणामी ऐनवेळी हाताला येईल ते गाणे लावले जाते आणि नवदांपत्य केक कापत असताना विरहाचे सूर ऐकू येतात. थोडा विचार आधीच केला, तर हा प्रसंग टाळता येतो.

केकबरोबर अनेकांना प्रथम 'वेडिंग मार्च' आठवतो. फेलिक्स मेंडेल्सन यांनी ही रचना १८४२ मध्ये शेक्सपिअरच्या 'ए मिडसमर नाइट्स ड्रीम' या नाटकासाठी केली. १८५८ मध्ये व्हिक्टोरिया राणीच्या कन्येच्या विवाहात ती वाजविली गेली आणि पुढे तिची प्रथाच पडली. परंतु मार्च हे चालण्याचे संगीत आहे. दांपत्याच्या आगमनाला ते शोभते. एका जागी उभे राहून केक कापताना त्याची गती विजोड वाटते.

विवाह आणि संगीत यांचे नाते या परिसराला नवे नाही. मेंडेल्सनच्या रचनेनंतर वर्षभरातच, १८४३ मध्ये, विष्णुदास भावे यांनी सांगलीत 'सीता स्वयंवर' हे नाटक सादर केले. पुढे अण्णासाहेब किर्लोस्करांच्या 'संगीत सौभद्र'ने (१८८२) सुभद्रेच्या विवाहाची कथा पदांतून घरोघरी पोहोचविली. मात्र विवाहाच्या नाटकातील प्रत्येक पद विवाहात चालेलच असे नाही. सांगलीजवळच्या हरिपूरचे गोविंद बल्लाळ देवल यांचे 'संगीत शारदा' (१८९९) हे नाटक बाला-जरठ विवाहावर आघात करणारे आहे. त्यातील पदे कितीही गोड असली, तरी अर्थ जाणणारी ज्येष्ठ मंडळी ती ऐकून चपापल्याशिवाय राहणार नाहीत. हिंदी चित्रपटगीतांनाही हाच नियम लागू पडतो. सासरी निघालेल्या मुलीची गाणी पाठवणीसाठी असतात; आनंदाच्या क्षणी ती वधूच्या आईचे डोळे अकारण भरून आणतात. गाणे निवडताना ध्रुवपदावर न थांबता शेवटच्या कडव्यापर्यंत ऐकावे, ते यासाठीच.

शब्दांची अडचण नको असेल, तर वाद्यसंगीत हा उत्तम पर्याय ठरतो. सांगली जिल्ह्यातील मिरज तंतुवाद्यांसाठी देशभर प्रसिद्ध असून तेथील सतार आणि तानपुरा यांना २०२४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले आहे. किराणा घराण्याचे अब्दुल करीम खाँ यांचे वास्तव्यही मिरजेतच होते. सायंकाळच्या समारंभाला यमन किंवा भूप या रागांतील सतार, बासरी अथवा सनई साजेशी वाटते. मात्र विलंबित आलापीऐवजी मध्य लयीतील गत निवडावी.

केक कापणे, एकमेकांना भरविणे आणि छायाचित्रे काढणे यांस साधारणतः तीन-चार मिनिटे लागतात. गाण्यापूर्वीचे संगीत लांबलचक असेल, तर शब्द सुरू होण्याआधीच केक कापून होतो. त्यामुळे गाणे कोठून सुरू करायचे, हे आधी ठरवून तो भाग वेगळा करून ठेवावा. सूत्रसंचालकाची घोषणा संपल्यावर संगीत सुरू व्हावे आणि शेवटी ते एकदम न तोडता हळूहळू कमी करावे. निवडलेल्या गाण्याची एक प्रत दुसऱ्या मोबाइलमध्येही ठेवणे हिताचे.

आवाजाची पातळी हा सर्वांत जिव्हाळ्याचा प्रश्न आहे. ध्वनी प्रदूषण नियम, २००० नुसार निवासी भागात दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबल ही मर्यादा आहे. रुग्णालये, शाळा आणि न्यायालये यांच्या सभोवतालच्या १०० मीटरपर्यंतच्या शांतता क्षेत्रात ती आणखी कमी, म्हणजे दिवसा ५० आणि रात्री ४० डेसिबल आहे. मोकळ्या लॉनवर रात्री १० ते सकाळी ६ या वेळेत ध्वनिक्षेपक लावता येत नाही. समारंभ लांबला, तर केकची वेळ नेमकी याच सुमारास येते. त्यामुळे केकचा कार्यक्रम भोजनापूर्वीच उरकणे सोयीचे ठरते.

गाणी वाजविण्यासाठी परवाना घ्यावा लागतो का, अशी शंका अनेकदा विचारली जाते. कॉपीराइट कायदा, १९५७ च्या कलम ५२ मध्ये धार्मिक समारंभातील वादनाला सूट आहे. वरात आणि विवाहाशी निगडित अन्य सामाजिक सोहळे यांचाही त्यात समावेश होतो. केंद्र सरकारने जुलै २०२३ मध्ये जाहीर सूचना काढून ही बाब पुन्हा स्पष्ट केली. अशा समारंभासाठी कोणी स्वामित्वशुल्क मागितल्यास यजमानांनी या तरतुदीकडे बोट दाखवावे.

अखेर, गाणे दोघांच्या आवडीचे असावे आणि पहिल्या रांगेत बसलेल्या आजी-आजोबांनाही ते ऐकवेसे वाटावे. समारंभाच्या आठवडाभर आधी दोन्ही घरांनी एकत्र बसून ते एकदा पूर्ण ऐकले, तर ऐनवेळची धांदल आणि नंतरचे रुसवेफुगवे दोन्ही टळतील.