झू यामिंग

झू यामिंग (जन्म: ४ मे १९९४) हा चीनचा तिहेरी उडीपटू आहे. २०२० च्या टोकियो ऑलिंपिक स्पर्धेत त्याने १७.५७ मीटर उडी घेऊन रौप्यपदक मिळवले. महामारीमुळे ही स्पर्धा प्रत्यक्षात २०२१ मध्ये भरली होती. पुरुषांच्या तिहेरी उडीत चीनला ऑलिंपिकमध्ये मिळालेले हे आजवरचे सर्वोच्च पदक होय. २०२२ मध्ये यूजीन येथील जागतिक ॲथलेटिक्स अजिंक्यपद स्पर्धेत कांस्यपदक, २०२३ मध्ये हांगझू येथील आशियाई खेळांत सुवर्णपदक आणि २०२५ मध्ये नानजिंग येथील जागतिक इनडोअर स्पर्धेत रौप्यपदक ही त्याची इतर प्रमुख यशे आहेत.

एवढी पदके मिळवूनही चीनचा राष्ट्रीय विक्रम त्याच्या नावावर नाही. ली यानशी (१७.५९ मीटर) आणि दोंग बिन (१७.५८ मीटर) या दोन पूर्वसुरींच्या सर्वोत्तम उड्या त्याच्या सर्वोत्तम उडीहून अधिक लांब आहेत. या तिघांमध्ये मिळून अवघ्या दोन सेंटिमीटरांचा फरक आहे. मात्र तिघांच्या वाट्याला आलेली पदके पाहिली, तर अंतर बरेच मोठे दिसते. झूची कारकीर्द समजून घेण्यासाठी ही विसंगती ध्यानात ठेवणे उपयोगी ठरते.

चिनी प्रथेनुसार आडनाव आधी लिहिले जाते. त्यामुळे 'झू' हे आडनाव आणि 'यामिंग' हे व्यक्तिनाम आहे. चिनी उच्चार देवनागरीत तंतोतंत उतरत नसल्याने हे आडनाव मराठीत 'जू' किंवा 'चू' असेही लिहिलेले आढळते. झू मूळचा नैर्ऋत्य चीनमधील युन्नान प्रांताचा आहे.

खेळप्रकाराचे स्वरूप

तिहेरी उडी म्हणजे एकापाठोपाठ एक घेतलेल्या तीन सुट्या उड्या नव्हेत. खेळाडू वेगाने धावत येऊन फळीवरून झेप घेतो आणि ज्या पायाने झेप घेतली त्याच पायावर उतरतो. लंगडी खेळणाऱ्याला ही क्रिया सहज ओळखता येईल. त्याच पायाने तो पुन्हा उसळी घेतो, पण या वेळी दुसऱ्या पायावर उतरतो. या टप्प्याला लांब ढांगेचे रूप असते. तिसऱ्या टप्प्यात त्या दुसऱ्या पायाने उडी घेऊन तो वाळूच्या हौदात दोन्ही पायांवर उतरतो. पुरुषांच्या आंतरराष्ट्रीय स्पर्धांत फळी आणि हौद यांच्यामध्ये साधारणतः १३ मीटरांचे अंतर असते, म्हणजे पहिले दोन टप्पे कठीण धावमार्गावरच पार पाडावे लागतात.

कौशल्याची खरी कसोटी वेग टिकवण्यात असते. जमिनीला पाय टेकला की धावण्याचा वेग थोडा कमी होतो. पहिली झेप फार उंच घेतली तर उतरताना पायावर प्रचंड भार येतो, ढांग आखूड पडते आणि तिसऱ्या उडीसाठी वेग उरत नाही. पहिली झेप फार सपाट घेतली तर सुरुवातीलाच अंतर गमवावे लागते. घोटा, गुडघा आणि टाचेमागील स्नायुबंध यांवर सतत आघात होत असल्याने या खेळात दुखापती वारंवार होतात.

अंतिम फेरीत प्रत्येकाला तीन प्रयत्न मिळतात आणि पहिल्या आठ जणांना आणखी तीन मिळतात. सहांपैकी सर्वोत्तम उडीवर क्रमांक ठरतो. पाय फळीपुढे गेला तर तो प्रयत्न बाद होतो. पाठीमागून येणारा वारा सेकंदाला २ मीटरहून अधिक असल्यास उडी विक्रम म्हणून नोंदली जात नाही, मात्र स्पर्धेतील क्रमांकासाठी ती ग्राह्य धरली जाते.

चीनमधील पूर्वपरंपरा

चीनला या खेळात यश नवे नाही. १९८१ मध्ये रोम येथील विश्वचषक स्पर्धेत त्सोउ झेनश्यान याने १७.३४ मीटर उडी घेऊन दुसरा क्रमांक मिळवला. ब्राझीलचा तत्कालीन विश्वविक्रमवीर जुआव कार्लोस दी ऑलिव्हेरा १७.३७ मीटरसह पहिला आला. तीन वर्षांनी लॉस एंजेलिस ऑलिंपिकमध्ये त्सोउ १६.८३ मीटरसह चौथा आला. ब्रिटनच्या कीथ कॉनरचे कांस्यपदक १६.८७ मीटरचे होते. रोममधील आपल्या उडीपेक्षा अर्धा मीटर कमी अंतरही त्याला पदकाच्या चार सेंटिमीटर जवळ घेऊन गेले होते. महिलांच्या गटात ली हुइरोंग हिने १९९० मध्ये जपानमधील सप्पोरो येथे १४.५४ मीटरचा विश्वविक्रम केला. परंतु महिलांची तिहेरी उडी ऑलिंपिकमध्ये १९९६ मध्ये आली, तोवर तिच्या ऐन भराचा काळ सरला होता.

त्सोउचा राष्ट्रीय विक्रम २८ वर्षे टिकला. ऑक्टोबर २००९ मध्ये जिनान येथील चीनच्या राष्ट्रीय क्रीडास्पर्धेत ली यानशी याने १७.५९ मीटर उडी घेऊन तो मोडला आणि त्याच उडीने कझाकस्तानच्या ओलेग साकिर्किनचा १७.३५ मीटरचा आशियाई विक्रमही मागे टाकला. मात्र त्या वर्षीची जागतिक अजिंक्यपद स्पर्धा दोनच महिन्यांपूर्वी बर्लिनमध्ये होऊन गेली होती आणि तेथील रौप्यपदक १७.५५ मीटरवर गेले होते. ली यानशीने आशियाई खेळांत २००६ आणि २०१० अशी दोन सुवर्णपदके मिळवली. ऑलिंपिक पदक मात्र त्याच्या हाती लागले नाही.

दोंग बिनला २०१६ या एकाच वर्षात दोन मोठी यशे मिळाली. मार्चमध्ये अमेरिकेतील पोर्टलंड येथे त्याने १७.३३ मीटरसह जागतिक इनडोअर विजेतेपद पटकावले. ऑगस्टमध्ये रिओ ऑलिंपिकच्या अंतिम फेरीत पहिल्याच प्रयत्नात त्याने १७.५८ मीटर उडी घेतली आणि कांस्यपदक मिळवले. त्याच्यापुढे ख्रिश्चन टेलर (१७.८६) आणि विल क्ले (१७.७६) हे दोघे अमेरिकी होते. चौथा आलेला त्याचाच देशबांधव त्साओ शुओ १७.१३ मीटरवर थांबला. १९८४ मध्ये उंच उडीत झू जियानहुआ याने मिळवलेल्या कांस्यपदकानंतर चीनच्या पुरुष खेळाडूला उड्यांच्या प्रकारात मिळालेले हे पहिलेच ऑलिंपिक पदक होते.

टोकियो ऑलिंपिक

टोकियोतील अंतिम फेरी ५ ऑगस्ट २०२१ रोजी सकाळच्या सत्रात, प्रेक्षकांविना झाली. २०१२ आणि २०१६ चा विजेता टेलर तेथे नव्हता. मे महिन्यात चेक प्रजासत्ताकातील ऑस्ट्रावा येथील स्पर्धेत त्याच्या टाचेचा स्नायुबंध तुटला होता. तरीही स्पर्धा सोपी नव्हती. जन्माने क्युबाचा पण पोर्तुगालकडून खेळणारा पेद्रो पिचार्दो हा १८ मीटरपलीकडे उडी घेतलेला खेळाडू होता. बुर्किना फासोच्या ह्यूग फाब्रिस झांगो याने त्याच वर्षी जानेवारीत १८.०७ मीटरचा इनडोअर विश्वविक्रम केला होता. रिओचा रौप्यपदक विजेता क्लेही मैदानात होता.

पिचार्दोने १७.९८ मीटरसह सुवर्णपदक जिंकले. झूने १७.५७ मीटर ही आपल्या कारकिर्दीतील सर्वोत्तम उडी याच स्पर्धेत घेतली आणि दुसरा क्रमांक मिळवला. त्याच्या मागे झांगो (१७.४७), क्ले (१७.४४) आणि अल्जीरियाचा यासेर त्रिकी (१७.४३) असे तिघे चार सेंटिमीटरांच्या पट्ट्यात अडकले होते. झांगोचे कांस्यपदक हे बुर्किना फासोचे पहिलेवहिले ऑलिंपिक पदक ठरले. वैयक्तिक विक्रमाच्या दृष्टीने क्ले आणि झांगो हे दोघेही झूहून सरस होते, परंतु त्या सकाळी आपल्या सर्वोत्तम कामगिरीच्या जवळ त्यांना पोहोचता आले नाही. झू मात्र पोहोचला.

१७.५७ मीटरचे मोल

झूचे रौप्यपदक दोंग बिनच्या कांस्यपदकापेक्षा एक सेंटिमीटर कमी अंतराचे आहे, हे अनेकदा निदर्शनास आणले जाते. ही तुलना आणखी थोडी विस्तारून पाहण्याजोगी आहे. २००४ च्या अथेन्स ऑलिंपिकमध्ये रौप्यपदक १७.५५ मीटरवर मिळाले होते, म्हणजे तेथे १७.५७ मीटर उडी दुसरी आली असती. २००८ मध्ये बीजिंगला कांस्यपदकासाठी १७.५९ मीटर लागले, त्यामुळे ती चौथी ठरली असती. २०१२ मध्ये लंडनला रौप्य १७.६२ आणि कांस्य १७.४८ मीटरचे होते, तेव्हा तिला कांस्य मिळाले असते. रिओत तिला दोंग बिनच्या मागे चौथे स्थान मिळाले असते. २०२४ मध्ये पॅरिसला तिसरा आलेला आन्दी दियाझ १७.६४ मीटरवर होता, म्हणजे तेथेही पदक हुकले असते.

वारा, धावमार्ग आणि प्रतिस्पर्ध्यांचे दडपण प्रत्येक ठिकाणी वेगळे असते, म्हणून असा हिशेब अर्थातच कच्चा राहतो. शिवाय समोरच्याची उडी पाहून खेळाडू आपले पुढचे प्रयत्न कमी-अधिक जोखमीने घेत असतो, ही बाब आकड्यांत दिसत नाही. तरीही एकच अंतर एका ठिकाणी रौप्य आणि दुसऱ्या ठिकाणी रिकामे हात देते, एवढे त्यातून स्पष्ट होते. झूचे रौप्यपदक केवळ टेलरच्या अनुपस्थितीमुळे मिळाले, असे म्हणणे मात्र अपुरे आहे. त्या दिवशी मैदानात असलेल्या इनडोअर विश्वविक्रमवीराला त्याने दहा सेंटिमीटरांनी मागे टाकले होते.

यूजीन येथील कांस्यपदक

ऑलिंपिकमधील एखादे अनपेक्षित पदक पुढील वर्षी विस्मरणात जाते, असे मैदानी खेळांत अनेकदा घडते. झूच्या बाबतीत तसे झाले नाही. जुलै २०२२ मध्ये अमेरिकेतील यूजीन येथील जागतिक अजिंक्यपद स्पर्धेत टोकियोचेच तिघे पुन्हा विजयमंचावर उभे राहिले. पिचार्दो (१७.९५) पहिलाच राहिला, तर झांगो (१७.५५) आणि झू (१७.३१) यांच्या जागांची अदलाबदल झाली. चौथा आलेला इटलीचा आंद्रेया दाल्लावाल्ले १७.२५ मीटरवर होता, म्हणजे झूचे पदक सहा सेंटिमीटरांनी वाचले. जागतिक अजिंक्यपद स्पर्धेत चीनच्या पुरुष तिहेरी उडीपटूला मिळालेले हे पहिलेच पदक होते.

याच स्पर्धेत भारताचा एल्डोस पॉल १६.७९ मीटरसह नववा आला. जागतिक स्पर्धेच्या तिहेरी उडीच्या अंतिम फेरीत पोहोचलेला तो पहिला भारतीय होता. दोन आठवड्यांनी बर्मिंगहॅम येथील राष्ट्रकुल खेळांत त्याने १७.०३ मीटरसह सुवर्णपदक जिंकले.

आशियाई स्पर्धा आणि भारतीय प्रतिस्पर्धी

आशियाई खेळांतील तिहेरी उडीचे सुवर्णपदक २००६, २०१० आणि २०१४ अशा सलग तीन वेळा चीनकडे गेले होते. २०१८ मध्ये जकार्ता येथे भारताच्या अर्पिंदर सिंगने १६.७७ मीटरसह ही परंपरा खंडित केली. १९७० मध्ये मोहिंदर सिंग गिल याने बँकॉकला मिळवलेल्या सुवर्णानंतर ४८ वर्षांनी भारताला या प्रकारात हे यश मिळाले होते. त्या वेळी चीनला त्साओ शुओच्या कांस्यपदकावर समाधान मानावे लागले.

हांगझूचे आशियाई खेळ एक वर्ष लांबणीवर पडून २०२३ मध्ये झाले. ३ ऑक्टोबर रोजीच्या अंतिम फेरीत झूने १७.१३ मीटरसह सुवर्णपदक जिंकले. त्याचा देशबांधव फांग याओछिंग १६.९३ मीटरसह दुसरा, तर तामिळनाडूचा प्रवीण चित्रवेल १६.६८ मीटरसह तिसरा आला. प्रवीणने त्याच वर्षी मे महिन्यात क्युबातील हवाना येथे १७.३७ मीटरचा भारतीय राष्ट्रीय विक्रम केला होता. ते अंतर झूच्या यूजीनमधील कांस्यपदकापेक्षा सहा सेंटिमीटरांनी आणि हांगझूमधील सुवर्णपदकापेक्षा २४ सेंटिमीटरांनी अधिक होते. विक्रमाची उडी आणि पदकाची उडी वेगवेगळ्या दिवशी पडल्याचे हे आणखी एक उदाहरण. ली यानशीच्या जिनानमधील उडीची कथा याहून फार वेगळी नव्हती.

नानजिंग आणि गुमी

नानजिंग येथील जागतिक इनडोअर अजिंक्यपद स्पर्धा मुळात मार्च २०२० मध्ये व्हायची होती. महामारीमुळे ती पुनःपुन्हा लांबणीवर पडली आणि अखेर मार्च २०२५ मध्ये झाली. झू तेव्हा तीस वर्षांचा होता. इटलीकडून खेळणारा आन्दी दियाझ १७.८० मीटरसह विजेता ठरला. झूने १७.३३ मीटरसह रौप्यपदक मिळवले आणि झांगोला (१७.१५) तिसऱ्या स्थानावर ठेवले. नऊ वर्षांपूर्वी पोर्टलंडमध्ये दोंग बिनने नेमक्या याच अंतरावर सुवर्ण जिंकले होते. एका सेंटिमीटरने कमी असूनही टोकियोत झूला दोंगपेक्षा वरचे पदक मिळाले होते. येथे अंतर तेवढेच भरूनही पदक एका पायरीने खाली आले.

मे २०२५ मध्ये दक्षिण कोरियातील गुमी येथील आशियाई अजिंक्यपद स्पर्धेत झूने १७.०६ मीटरसह सुवर्णपदक जिंकले. प्रवीण चित्रवेल १६.९० मीटरसह दुसरा आला. हांगझूला या दोघांमध्ये ४५ सेंटिमीटरांचे अंतर होते, गुमीत ते १६ सेंटिमीटरांवर आले.