कॅव्हनसाइट : नावातले गैरसमज आणि दगडातली वस्तुस्थिती

मावळातल्या तिकोणा पेठेतून किल्ल्याकडे पाहिले की त्याच्या नावाचे कारण कुणाला विचारावे लागत नाही. डोंगर त्रिकोणी दिसतो म्हणून तो तिकोणा. त्याच किल्ल्याचे दुसरे नाव वितंडगड. ते मात्र नुसत्या पाहण्याने उलगडत नाही. खनिजांच्या नावांकडेही आपण बहुधा पहिल्या नावासारखे, नुसते पाहून अर्थ लावण्याच्या सवयीने बघतो. दगड निळा असेल तर नावात निळेपणा असणार, पुण्याजवळ सापडला तर नाव पुण्याचे असणार, नाव परकी असेल तर तो दगड तिकडूनच आलेला असणार, असे आपण धरून चालतो. पुण्याच्या पूर्वेला, नगर रस्त्यावरच्या वाघोलीच्या दगडखाणींतून निघालेल्या कॅव्हनसाइट या गडद निळ्या खनिजाबाबत हे तिन्ही अंदाज चुकतात. तिकोण्याचा कातळ आणि वाघोलीचा कातळ एकाच दख्खनच्या लाव्ह्यातून घडले आहेत, त्यामुळे हा विषय मावळातल्या माणसालाही परका नाही. माझे म्हणणे थोडक्यात असे की, शास्त्रातले खनिजाचे नाव फक्त दोन गोष्टींची हमी देते: त्यात कोणते घटक आहेत आणि ते आत कसे रचले गेले आहेत. गाव, रंग, किंमत, दुर्मीळपणा, गुण यांतल्या कशाचीही हमी ते नाव देत नाही. बहुतेक गैरसमज या हमीच्या बाहेरचे काहीतरी नावातून काढू पाहण्यातून होतात.

पहिला गैरसमज नावाच्या फोडीचा आहे. ‘कॅव्हन’ हे आडनाव किंवा गाव असावे, आणि ‘साइट’ म्हणजे जागा, असे अनेकांना वाटते. आयर्लंडमध्ये कॅव्हन नावाचा परगणा खरोखरच आहे, म्हणून हा अंदाज पटण्यासारखाही वाटतो. वस्तुस्थिती अशी की हे नाव घटकांच्या अक्षरांतून जोडलेले आहे. कॅल्शियममधले ‘कॅ’, व्हॅनेडियममधले ‘व्हॅन’, सिलिकेटमधले ‘सि’ आणि शेवटी खनिजांना लागणारा ‘आइट’ हा नेहमीचा प्रत्यय. म्हणजे हे नाव त्या खनिजाच्या रासायनिक सूत्राचेच संक्षिप्त रूप आहे. सूत्रातले पाणी तेवढे नावात आलेले नाही. अमेरिकेतल्या ओरेगन राज्यात ओवायही धरणाजवळ आणि गोबल या ठिकाणी मिळालेल्या नमुन्यांवरून स्टेपल्स, इव्हान्स आणि लिंडसे या तिघांनी १९७३ मध्ये त्याचे शास्त्रीय वर्णन प्रसिद्ध केले. त्याचा निळा रंगही नावात थेट नाही, पण रंगाचे कारण आहे: खनिजातले व्हॅनेडियमच त्याला निळे करते. नावाची फोड नीट केली तर रंगापर्यंत पोचता येते, ते असे घटकाच्या वाटेने.

मग घटक कळले म्हणजे नाव कळले, असे म्हणावे का? तसे म्हणता येत नाही, आणि त्याचा पुरावा वाघोलीतच आहे. तिथे कॅव्हनसाइटबरोबर पेंटागोनाइट नावाचे आणखी एक निळे खनिज मिळते. विक्रेते कधी कधी ही एकाच दगडाची दोन नावे असल्याचे सांगतात. दोघांचे रासायनिक सूत्र खरोखरच तंतोतंत एक आहे. फरक आतल्या मांडणीत आहे. दोन्हींत सिलिकॉन आणि ऑक्सिजन यांचे थर असतात. कॅव्हनसाइटच्या थरात चार-चार आणि आठ-आठ घटकांची कडी असतात, तर पेंटागोनाइटच्या थरात सहा-सहांची. तेच साहित्य, पण बांधणी निराळी; म्हणून शास्त्राने दोघांना स्वतंत्र खनिजे मानले. पेंटागोनाइट या नावावरून त्याचा प्रत्येक स्फटिक पाच बाजूंचा असेल असे वाटते, तेही खरे नाही. अणूंची एकसारखी पुनरावृत्ती होणाऱ्या स्फटिकात पाचपट सममिती बसत नाही. इथे पाच स्फटिक ठरावीक कोनांत एकमेकांना जुळून वाढतात आणि आडव्या छेदात पाच टोकांची चांदणी दिसते. हे नाव त्या जुळणीवरून पडले. एका खनिजाचे नाव घटकांवरून, तर त्याच्या जुळ्या भावंडाचे नाव जुळणीच्या आकारावरून पडले, म्हणजे नाव कशावरून ठेवायचे याला एकच पद्धत नाही. पण नाव कोणाला द्यायचे याची कसोटी मात्र एकच आहे: घटक आणि रचना मिळून जे वेगळे ठरते, त्याला.

तिसरा गैरसमज गटाचा. दख्खनच्या पोकळ्यांतून निघणाऱ्या प्रत्येक सुंदर स्फटिकाला बाजारात सरसकट ‘झिओलाइट’ म्हणतात. झिओलाइट हे नाव स्वीडनच्या क्रोनस्टेडने १७५६ मध्ये दिले; तापवल्यावर हे दगड उकळल्यासारखे फसफसतात, यावरून. आज या गटात ॲल्युमिनियम आणि सिलिकॉन यांच्या सर्व बाजूंनी जोडलेल्या जाळीची, आत पाणी धरणारी खनिजे प्रामुख्याने येतात. स्टिल्बाइट, ह्यूलँडाइट, स्कोलेसाइट ही आपल्याकडची नावे त्यात बसतात. कॅव्हनसाइट बसत नाही, कारण त्याच्या सूत्रात ॲल्युमिनियम नाही आणि रचना थरांची आहे. ॲपोफिलाइटही बसत नाही. फ्रेंच शास्त्रज्ञ आऊई याने ते नाव तापवल्यावर पापुद्रे सुटतात म्हणून दिले, आणि तेही थरांच्या रचनेचे सिलिकेट आहे. यावर कुणी म्हणेल की पाणी धरणारी ही सगळी खनिजे एकाच पोकळीत शेजारी-शेजारी सापडतात, मग एवढा भेद कशाला? शेजार हा भूगर्भाचा इतिहास सांगतो, आतली रचना सांगत नाही. पांढऱ्या स्टिल्बाइटवर निळा कॅव्हनसाइट बसलेला असतो, तेव्हा एकाच हातात दोन वेगवेगळ्या गटांची खनिजे असतात.

आता सगळ्यात जिव्हाळ्याचा आक्षेप. जगभरातल्या संग्रहालयांत कॅव्हनसाइटचे सर्वोत्तम नमुने म्हणून वाघोलीचेच दाखवले जातात. मग नाव वाघोलीचे किंवा पुण्याचे का नाही? नावावर पहिला हक्क पहिल्या शास्त्रीय वर्णनाचा असतो, सर्वोत्तम नमुन्याचा नसतो. ओरेगनचे वर्णन १९७३ चे आहे. वाघोलीचा माल जगात गाजू लागला तो १९८० च्या दशकाच्या अखेरीपासून. असे दुसरे उदाहरणही आहे: गूजक्रीकाइट या खनिजाचे नाव अमेरिकेतल्या व्हर्जिनियातल्या खाणीवरून आहे, पण त्याचे देखणे नमुने नाशिक भागातून मिळतात. शिवाय पुण्याच्या नावाचे एक खनिज एके काळी होतेही. एकोणिसाव्या शतकात पुण्याहून गेलेल्या सुईसारख्या स्फटिकांना ‘पूनालाइट’ असे नाव दिले गेले. पुढे ते स्कोलेसाइट-मेसोलाइट या आधीच माहीत असलेल्या खनिजांपैकीच असल्याचे ठरले आणि ते नाव मागे पडले. मध्य प्रदेशातल्या छिंदवाडा जिल्ह्यातल्या सीतापारवरून ठेवलेल्या ‘सीतापाराइट’चेही तसेच झाले; ते बिक्सबायाइट निघाले. १९५९ पासून आंतरराष्ट्रीय खनिजशास्त्र संघाचा आयोग नव्या खनिजांना आणि त्यांच्या नावांना मान्यता देतो. या व्यवस्थेत आपल्या गावाचे नाव गेले याचे वाईट वाटणे साहजिक आहे, पण ज्या कसोटीने पूनालाइट गेले त्याच कसोटीने पेंटागोनाइट वेगळे उभे राहिले. कसोटी आपल्या बाजूने लागली की न्याय आणि विरुद्ध लागली की अन्याय, असे म्हणता येणार नाही.

खडक तोच असेल तर तिकोण्याच्या पोटातही कॅव्हनसाइट असणार, हा तर्क वरवर बिनतोड दिसतो. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीच्या उद्रेकांत लाव्ह्याचे थर एकावर एक साचले, त्यांत वायूच्या बुडबुड्यांनी पोकळ्या राहिल्या आणि नंतर भेगांतून फिरणाऱ्या गरम पाण्याने त्या पोकळ्यांच्या आत खनिजे वाढवली. मावळाला याचा वारसा मोठा आहे. १८५६ ते १८६३ या काळात भोर घाटातून रेल्वे नेताना फोडलेल्या कातळातून निघालेले झिओलाइट आणि ॲपोफिलाइट त्या काळातच संग्राहकांपर्यंत पोचले. तेव्हा मावळात विहिरीला किंवा बोगद्याला सुरुंग लावल्यावर पांढऱ्या, मोतिया किंवा हिरवट स्फटिकांनी भरलेली पोकळी लागणे यात नवल नाही. पण व्हॅनेडियम बेसाल्टमध्ये अगदी अल्प प्रमाणात विखुरलेले असते. ते पाण्यात उतरून एका जागी साचायला, आणि योग्य त्या रासायनिक अवस्थेत राहून कॅल्शियम-सिलिकाशी जुळायला, बऱ्याच अटी एकाच वेळी जमून याव्या लागतात. त्या वाघोलीच्या भंगलेल्या खडकात जमल्या. दख्खनचा पट्टा लाखो चौरस किलोमीटरचा असूनही हे खनिज त्यातल्या एवढ्याशा भागामुळेच ओळखले जाते, हेच या तर्काला उत्तर आहे.

‘दुर्मीळ’ आणि ‘गौण’ हे दोन शब्दही असेच फसवतात. खनिज दुर्मीळ म्हणजे ते जगात मोजक्या ठिकाणी सापडते. एखाद्या ठिकाणी ते भरपूर निघाले तर त्याचे छोटे नमुने सहज विकत मिळू शकतात. म्हणून नाव दुर्मीळ खनिजाचे आहे एवढ्यावर किंमत ठरत नाही. स्फटिकांचा आकार, ते किती शाबूत आहेत, सोबतची खनिजे यांवर ठरते. उलट बाजूला कायद्यातले ‘गौण खनिज’. १९५७ च्या खाणकायद्याने बांधकामाचा दगड, खडी, साधी माती, साधी वाळू यांना या वर्गात घातले आणि महाराष्ट्रात त्यांच्या उत्खननाला २०१३ चे नियम लागू आहेत. गौण हा शब्द इथे नियंत्रणाचा वर्ग सांगतो. म्हणून ‘साधा दगडच तर आहे’ असे म्हणून डोंगर फोडता येत नाही. परवानगी आणि स्वामित्वधन दोन्ही लागते.

शेवटचा गैरसमज गुणांचा. निळा खडा म्हणून कॅव्हनसाइट शनीशी जोडला जातो, तो घरात ठेवल्याने अमुक दोष जातो असे सांगितले जाते, आणि त्याला प्राचीन शास्त्राचा आधार असल्याचाही दावा होतो. ज्या खनिजाला १९७३ पर्यंत नावच नव्हते, त्याचे नाव घेऊन कोणताही प्राचीन ग्रंथ काही सांगू शकत नाही. जुन्या लोकांना तो दुसऱ्या नावाने माहीत असेल, असा बचाव यावर येतो. पण नवरत्नांतला नीलम म्हणजे कुरुविंदाचा निळा प्रकार. काठिण्याच्या दहाच्या मापात तो नवव्या पायरीवर आहे. कॅव्हनसाइट तीन-चारच्या दरम्यान, म्हणजे सुरीने ओरखडा उठेल इतका मऊ. त्याचे स्फटिक मिलिमीटरांत मोजण्याएवढे, कातळाच्या आत बंद, आणि बाहेर आले ते आधुनिक दगडखाणींतल्या सुरुंगांमुळे. रंग सारखा असणे एवढाच या दोघांतला संबंध आहे, आणि केवळ रंगावरून ओळख ठरवता येत नाही हे पेंटागोनाइटनेच दाखवले आहे.

नावांची ही चिकित्सा तज्ज्ञांपुरती आहे, असे मात्र मानू नये. चुकीच्या नावाचा दगड विकत घेणारा फसतो, आणि योग्य नाव असूनही गावाची नोंद नसलेला नमुना अभ्यासाला फारसा उपयोगी पडत नाही, कारण नमुना सापडल्याचे गाव नावावरून कळत नाही. ते वेगळे लिहूनच ठेवावे लागते. म्हणून वेरूळ-अजिंठ्याच्या वाटेवर किंवा इतर कुठे स्फटिक घेताना खनिजाचे नाव आणि तो सापडल्याचे ठिकाण दोन्ही विचारा, आणि घरी आल्यावर चिठ्ठीवर लिहून नमुन्यासोबत ठेवा. ओळख पटवायची असेल तर सिन्नरच्या गारगोटी संग्रहालयात नाव आणि नमुना शेजारी-शेजारी पाहायला मिळतात. विहिरीच्या कामात चकाकणारी पोकळी लागली तर ती फोडून वाटून टाकण्याआधी एखाद्या महाविद्यालयाच्या भूशास्त्र विभागाला कळवा. आणि किल्ल्याच्या कातळावर हातोडी चालवू नका. ज्याचे नाव कळलेले नाही असा तुकडा घरी नेऊन ज्ञानात भर पडत नाही, किल्ला मात्र तेवढा कमी होतो.