कातळ, पण बनवलेला

भिवंडी-वाडा रस्त्याने अंबाडी नाक्यावर आलं आणि वज्रेश्वरीकडे वळलं, की फार्महाऊस-रिसॉर्टांचा पट्टा लागतो. तिथल्या धबधब्यांमागचे तपकिरी कडे सिमेंटचे असतात. सळ्यांचा सांगाडा, त्यावर चिकन जाळी, जाळीवर जाड गिलावा. तो ओला असतानाच ब्रशने किंवा रबरी साच्याने खरबरीत करायचा आणि वाळला की रंग. गंमत म्हणजे, भिवंडी तालुक्यातला अस्सल काळा कातळ खाणीतून क्रशरवर जातो, त्याची खडी आणि क्रश सँड होते. खरा दगड दळायचा आणि खोटा उभारायचा!

या कारागिरीचं मोठं पर्व घडलं इंग्लंडमध्ये. जोसेफ ॲस्पडिनने 1824 मध्ये पोर्टलँड सिमेंटचं पेटंट घेतलं. पुढच्या दोन-तीन दशकांत हर्टफर्डशायरच्या जेम्स पुलहॅमने सिमेंटचे खडक घडवण्यात हात बसवला. धनिकांना बागेत डोंगरी नेचे आणि झरे हवे होते. चांगला दगड मात्र लांबून आणावा लागे. पुलहॅम जळक्या विटा आणि डबर रचून ढीग करी आणि त्यावर सिमेंटचा लेप देऊन दगडाचा पोत उठवी. आपल्या वीटभट्टीवर जास्त भाजून वेडीवाकडी झालेली वीट बाजूला टाकतात, तसलीच ती वीट. खरी करामत लेपाखाली होती. खडकाचे थर कसे कलतात, भेगा कुठे पडतात, हे पाहूनच तो रचना करी आणि झाडांच्या मुळांसाठी कपारी राखून ठेवी. लंडनच्या बॅटरसी पार्कातले त्याचे खडक 1860 च्या दशकातले, तर रॅम्सगेटच्या समुद्रकाठचे 1894 चे. पिढ्यान्‌पिढ्या चाललेली पुलहॅम घराण्याची पेढी दुसऱ्या महायुद्धाच्या सुमारास बंद पडली. तिने 1877 च्या सुमारास एक पुस्तिका काढली होती, पण मिश्रणाची नेमकी कृती छापली नाही. त्यामुळे आज डागडुजी करणाऱ्यांची पंचाईत होते. राखाडी सिमेंटचं ठिगळ लावलं, की जुना खडक लगेच उघडा पडतो.

पॅरिसने वेगळी वाट धरली. जिप्समची खोदून संपलेली खाण, पुढे कचऱ्याची जागा. तिथे 1867 मध्ये ब्यूत-शोमाँ ही बाग उघडली. खाणीचा उरलेला कडा जागेवरच ठेवला आणि गुहेतले लोंबते सुळके सिमेंटचे केले. मला हा तोडगा पुलहॅमच्या साऱ्या करामतींपेक्षा शहाणपणाचा वाटतो.

पुढे साहित्य बदललं. सिमेंट बळकट करायला त्यात काचेचे तंतू घालायचे, तर साधी काच सिमेंटमधल्या अल्कलीने झिजते, म्हणून 1960 च्या दशकाच्या अखेरीस ब्रिटनमध्ये ए. जे. मजुमदार यांनी झिर्कोनियायुक्त काचेच्या तंतूंवर काम केलं. त्यातून ‘जीआरसी’चे, म्हणजे काचतंतू घातलेल्या सिमेंटचे, पातळ, हलके पत्रे आले आणि खडक कारखान्यात ओतून ट्रकने येऊ लागला. आपल्याकडे 1862 मध्ये सुरू झालेली राणीची बाग घ्या. तिथे 2017 मध्ये लोकांसाठी खुल्या झालेल्या पेंग्विन कक्षात असेच घडवलेले खडक आहेत. ते तिथे शोभतातही, कारण हंबोल्ट पेंग्विनचा पेरू-चिलीचा किनारा भायखळ्यात आणायचा तर दुसरा मार्ग नव्हता.

वज्रेश्वरीच्या रस्त्यावर मात्र ही सबब चालत नाही. इथला डोंगर सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्ह्याच्या आडव्या थरांचा. कुठे कांद्यासारखे पापुद्रे सुटलेले, कुठे वायूच्या पोकळ्यांत पांढरे स्फटिक, आणि पावसाळ्यात सगळ्यावर शेवाळ. यातलं काहीही त्या तपकिरी कड्यांत उतरत नाही. ते कुठल्या तरी वाळवंटी सिनेमातून उचलल्यासारखे दिसतात. पुलहॅमने नक्कल केली, पण आधी मूळ नीट न्याहाळलं. आपण एवढंही करत नाही.

भिवंडी तालुक्यात दगड काढून संपलेल्या खाणींचे उभे कडे तयार आहेत. बागेसाठी जागा शोधणाऱ्या ग्रामपंचायतींनी आणि रिसॉर्टवाल्यांनी सिमेंटची गोणी फोडण्याआधी तिथे एक चक्कर मारावी. कडा पक्का आहे ना, हे जाणकाराकडून तपासून घ्यावं, काठाला कुंपण घालावं, कपारींत माती भरून इथलीच झाडं लावावीत.