प्रवरेच्या उगमाकडील शेतकरी

प्रवरेच्या कालव्यावर ऊस, गहू किंवा कांदा करणाऱ्या आमच्या वाचकांपैकी फारच थोड्यांनी, ज्या मुलखातून हे पाणी येते तो मुलूख बारकाईने पाहिला असेल. भंडारदऱ्यास सहलीकरिता जाणारे पुष्कळ. परंतु धबधबे पाहून ते माघारी फिरतात. धरणाच्या वरच्या अंगास रतनवाडी, साम्रद, घाटघर, उडदावणे, पांजरे वगैरे जी गावे आहेत, तेथील लोक शेती कशी करितात व वर्षाचे बारा महिने त्यांचा निर्वाह कसा होतो, हा प्रश्न सहसा कोणी विचारीत नाही. तोच येथे विचारात घेतला आहे.

अहिल्यानगर, म्हणजे पूर्वीचा अहमदनगर, हा जिल्हा अवर्षणाचा म्हणून प्रसिद्ध आहे. त्याच्या वायव्येचा कोपरा मात्र ह्या प्रसिद्धीस अपवाद होय. अकोले तालुक्याचा पश्चिम भाग सह्याद्रीच्या माथ्यावर वसलेला असून त्यास तेथील लोक डांगाण म्हणतात. महाराष्ट्रातील सर्वांत उंच शिखर जे कळसूबाई (१६४६ मीटर), ते येथेच आहे. रतनगडापाशी प्रवरा उगम पावते व हरिश्चंद्रगडाच्या अंगास मुळा. समुद्रावरून येणारे ढग ह्या कड्यावर प्रथम आदळतात, त्यामुळे घाटघरास सालिना अदमासे २०० इंच पाऊस पडतो. तेथून पूर्वेस असलेल्या अकोले गावी तोच पाऊस २०-२५ इंचांवर येतो. एकाच तालुक्यात एका टोकास भात व दुसऱ्या टोकास बाजरी, ह्याचे कारण हेच.

इतका पाऊस पडूनही डांगाणात उन्हाळ्यात पिण्याच्या पाण्याची टंचाई असते, हे ऐकून देशावरील शेतकऱ्यास नवल वाटेल. पण जमीन पाहिली म्हणजे नवल उरत नाही. खाली काळा कातळ, वर वीत-दोन वीत तांबडी मुरमाड माती, आणि उतार असा की पडलेला थेंब थांबावयास तयार नाही. आश्विनापर्यंत ओढे भरून वाहतात. माघ-फाल्गुनात झऱ्यांना खडखडाट होतो, आणि बायका डोक्यावर हंडे घेऊन दरीत उतरू लागतात. समोर धरणाचा जलाशय दिसत असतो, परंतु तो खाली आणि गाव वर.

येथील वस्ती मुख्यतः महादेव कोळी लोकांची; त्यांच्या जोडीस ठाकर. महादेव कोळी हे डोंगरी किल्ल्यांच्या राखणीवर नेमलेले लोक. मराठी राज्यात त्यांच्या नाईकांस वतने होती व घाटवाटांचा बंदोबस्त त्यांच्याकडे असे. १८१८ साली पेशवाई बुडाली, किल्ल्यांवरील शिबंदी मोडली, आणि ज्यांची रोजी शस्त्रावर होती त्यांस केवळ डोंगरउतारावरील नाचणीवर पोट भरण्याची पाळी आली. पाठोपाठ रोख शेतसारा आला व त्याच्या मागून सावकार. देवगावचे राघोजी भांगरे ह्यांनी १८४५ च्या सुमारास जे बंड उभारिले, त्याचा रोख सरकाराइतकाच सावकारी कागदपत्रांवर होता. राघोजींस २ मे १८४८ रोजी ठाण्याच्या तुरुंगात फाशी देण्यात आले. शेतकऱ्यांच्या कर्जबाजारीपणाचा इतिहास सांगताना सुपे, पारनेर, श्रीगोंदे येथील १८७५ च्या दंग्यांपासून आरंभ करण्याची रीत आहे. आमच्या मते तो आरंभ तीस वर्षे मागे, ह्या डोंगरात शोधिला पाहिजे. आदिवासींची जमीन बिगर आदिवासींच्या हाती जाऊ नये व गेलेली परत मिळावी, असे कायदे महाराष्ट्रात १९७४ साली झाले, तेव्हा राघोजींच्या मृत्यूस सव्वाशे वर्षे उलटून गेली होती.

आता प्रत्यक्ष शेतीकडे वळू. ओढ्याच्या काठी व दरीच्या तळाशी बांध घालून जी खाचरे केलेली असतात, त्यांत भात. उतारावरच्या वरकस जमिनीत नाचणी, वरई, खुरासणी. वरकस जमीन दोन-तीन वर्षे पिके घेतल्यावर पडीत टाकावी लागते. एकेका खाचराचा बांध दगड रचून पिढ्यान्‌पिढ्या उंचावत आणिलेला असतो. एका पावसाळ्यात तो फुटला तर पुन्हा माती साठण्यास किती तरी वर्षे लागतात.

भाताच्या रोपांसाठी येथे राब भाजतात. उन्हाळ्यात रोपाच्या जागेवर शेणाचा थर, त्यावर झाडांचे टहाळे, पालापाचोळा व गवत, आणि वरून मातीचा पातळ थर देऊन ते सावकाश जाळावयाचे. मृगात त्या राखेत बी फेकावयाचे. जाळल्याने तणाचे बी मरते, माती भुसभुशीत होते व रोप जोमदार येते. ह्या पद्धतीवर इंग्रज अधिकाऱ्यांनी पुष्कळ टीका केली, कारण तीपायी झाडे ओरबाडली जातात व शेणाचे खत जळून जाते. उलट डॉ. व्होएल्कर ह्यांच्या १८९३ च्या अहवालात हा विषय स्वतंत्रपणे तपासावा लागला, इतके तिचे महत्त्व होते. शेतकरी वेडेपणाने काही जाळीत नाही. आभाळ फाटल्यासारखा पाऊस पडत असता रोपवाटिकेत खुरपणी करणे अशक्य असते. ते काम विस्तव आधीच करून ठेवतो. पण जंगल पूर्वीचे राहिले नाही. १९८६ मध्ये कळसूबाई-हरिश्चंद्रगड अभयारण्य झाल्यापासून तोडीवर निर्बंधही आले आहेत, आणि टहाळ्यांवाचून राब कसा भाजावा ही अडचण खरी आहे.

ह्या संबंधात मादागास्कर बेटाचे उदाहरण आमच्या वाचकांस उपयोगी पडेल. आफ्रिकेच्या पूर्वेस असलेल्या ह्या बेटावरील लोकांचे पूर्वज जावा-बोर्निओकडून समुद्र ओलांडून आले व भात घेऊन आले. तेथेही डोंगरावर जंगल जाळून भात पेरण्याची चाल आहे, दरीत पायऱ्यांची खाचरे आहेत, आणि वशिंडाचे बैल चिखलात फिरवून चिखलणी करितात. तेथे राहिलेले फ्रेंच पाद्री आंरी द लोलानिए ह्यांनी १९८३ च्या सुमारास असे पाहिले की, रोप पंधरा दिवसांच्या आत, एकेकटे व अंतरावर लावून, खाचरात सदैव पाणी न तुंबविता आलटून पालटून ओल व कोरड दिल्यास फुटवे पुष्कळ येतात. ही रीत पुढे हिंदुस्थानातही पसरली. डांगाणात ती जशीच्या तशी चालेल असे आम्ही म्हणणार नाही. जेथे चार दिवस पाऊस उघडत नाही तेथे खाचर कोरडे कसे करावे? परंतु कोवळे रोप व विरळ आवणी हे तिचे दोन भाग घेण्यासारखे आहेत.

त्याहून जवळचा उपाय डॉ. नारायण सावंत ह्यांनी सांगितलेल्या चारसूत्री पद्धतीत आहे. भाताच्या तुसाची काळी राख रोपवाटिकेत दर चौरस मीटरास अर्धा ते एक किलो मिसळली असता रोप ताठ व निरोगी येते, आणि टहाळे जाळण्याची गरज कमी होते. गिरिपुष्पाचा पाला चिखलणीत गाडणे, नेमक्या अंतराने आवणी करणे आणि चार चुडांच्या मध्ये खताची गोळी खोल दाबणे ही बाकीची सूत्रे होत. शेवटचे सूत्र डांगाणास विशेष हितावह आहे, कारण वर फेकलेला युरिया पहिल्या जोराच्या सरीबरोबर धरणात जातो.

बियाण्याच्या बाबतीत मात्र डांगाणाने इतरांस शिकवावे अशी स्थिती आहे. काळभात, जिरवेल, रायभोग अशा जुन्या भातांचे व नाना जातींच्या वालांचे बी अद्याप काही घरांतून राखिलेले आढळते. कोंभाळणे येथील राहीबाई पोपेरे ह्यांनी असे बी गोळा करून बीजकोश उभा केला, आणि शाळेचे तोंडही न पाहिलेल्या ह्या बाईस २०२० साली पद्मश्री जाहीर झाली. डांगी जनावराचेही तसेच. पांढऱ्या अंगावर काळे किंवा तांबडे ठिपके, कातडीतून पाझरणारा तेलकट द्रव आणि टणक काळे खूर ह्यांमुळे हे जनावर संततधार पावसात दिवसभर चिखलात उभे राहू शकते. दुसऱ्या जातीचा बैल तेथे खुरांनी व सर्दीने हैराण होतो. दूध बेताचे, हे खरे. पण दुधाच्या लोभाने संकर करून ही जात बुडविणे शहाणपणाचे नव्हे. राजूर येथे डांगी जनावरांचे प्रदर्शन भरते. देशावरील गोपालकांनी ते एकदा अवश्य पाहावे.

एवढे असूनही भात घरखर्चास पुरत नाही. धारणा लहान, पीक एकच, आणि दिवाळीनंतर शेत रिकामे. बाळहिरडा गोळा करून विकणे हे हाती रोख पैसा येण्याचे मोठे साधन. परंतु भाव व्यापाऱ्याच्या मर्जीवर. बाकीचे महिने कुटुंबेच्या कुटुंबे जुन्नर तालुक्यात नारायणगावच्या मजूरबाजारात जाऊन उभी राहतात व टोमॅटो, कांदा, द्राक्षांच्या मळ्यांत राबतात. म्हाताऱ्या माणसांवर गाव सोडून जाणारा हा शेतकरी आळशी नाही. त्यास घरी पाण्यावाचून काम नाही.

आणि पाणी तर त्याच्याच डोक्यावर पडते. भंडारदऱ्याचे धरण १९१० मध्ये सुरू होऊन १९२६ मध्ये पुरे झाले. उंची २७० फूट, साठा सुमारे ११ अब्ज घनफूट. त्याखाली दरीतील उत्तम भातखाचरे बुडाली, आणि ओझरच्या बंधाऱ्यावरून निघालेल्या कालव्यांनी संगमनेर, राहुरी, श्रीरामपूरकडील माळरानाचे मळे झाले. निळवंडे धरणाच्या डाव्या कालव्यात ३१ मे २०२३ रोजी पाणी सोडण्यात आले. तेही खालच्या दुष्काळी गावांसाठी, आणि त्या गावांचा हक्क आम्ही नाकारीत नाही. पण उगमाकडील खाचरांस हे पाणी उलटे चढणार नाही, तेव्हा धरणात जाण्यापूर्वीच त्याचा अल्प भाग वर अडविणे एवढाच मार्ग उरतो. ह्याच जिल्ह्यात हिवरे बाजारने १५-१६ इंच पावसावर पाण्याचा हिशोब ठेवून गाव सावरले. २०० इंचांच्या मुलखास ते असाध्य नाही. ओढ्यांवर लहान दगडी बांध, झऱ्यांच्या तोंडाशी टाकी, खाचरांच्या खालच्या अंगास विहीर, ह्यांस मोठा खर्च नको. जे काम कठीण आहे ते निराळेच. भात निघाल्यावर डांगाणात जनावरे मोकाट सोडण्याची चाल आहे; एकट्याने हरभरा पेरला तर तो साऱ्या गावाच्या गुरांच्या दावणीस जातो. म्हणून दुसरे पीक हा पाण्याइतकाच गावाच्या ठरावाचा प्रश्न आहे. ज्या वाडीस चराईबंदीचा असा ठराव करिता येईल, तिने भात कापल्याबरोबर, खाचरातील ओल उडण्यापूर्वी, नांगराचा एक हलका तास देऊन हरभरा किंवा मसूर टाकावी, बांधांवर गिरिपुष्पाच्या फांद्या लावाव्या, आणि पहिल्या वर्षी हे एका ओढ्याच्या काठापुरतेच करावे.