घड्याळ नव्हतं, गाणं होतं

जपानची साके ही दारू तांदळाची. ‘किमोतो’ या जुन्या पद्धतीत तिचं विरजण लागायलाच जवळपास महिना जातो. वाफवलेला भात, कोजी बुरशी चढवलेला तांदूळ आणि पाणी उथळ लाकडी टबांत घालून कामगार लांब दांड्यांनी घोटत, तेही ऐन हिवाळ्यात, रात्रीबेरात्री. किती वेळ? ठरलेली कडवी गाऊन होईपर्यंत! सगळ्यांचे हात एका ठेक्यात पडत. झोप उडे, हा वरचा फायदा. गाणाऱ्यांचे गळे कसे होते, हे विचारू नये. १९०९मध्ये सरकारी प्रयोगशाळेने घोटाईशिवायची ‘यामाहाई’ पद्धत काढली आणि पुढे बहुतेक ठिकाणी घोटाईच्या गाण्याचं काम संपलं. किमोतो मात्र काही कारखान्यांनी सोडलेली नाही. डिसेंबर २०२४मध्ये कोजीवर आधारलेली ही मद्यकला युनेस्कोच्या अमूर्त वारसा यादीत गेली.