लहान राष्ट्रे आणि थोरांचे वैर

विसाव्या शतकातील आंतरराष्ट्रीय राजकारणाची हकीकत सांगताना लंडन, बर्लिन, मॉस्को व वॉशिंग्टन येथील दफ्तरांवरच सारी भिस्त ठेवण्याचा प्रघात पडून गेल्यामुळे, लहान राष्ट्रे म्हणजे थोरांच्या पटावरची प्यादी, असा समज वाचकांच्या मनात घर करून बसला आहे. वस्तुतः या शतकातील कित्येक तंटे लहानांनीच उपस्थित केले. आणि ज्यांच्यापाशी फौजफाटा बेताचा व खजिना त्याहूनही बेताचा, त्यांना हे साधले ते मुख्यतः आपण कोण आहोत याविषयीच्या प्रखर अभिमानाच्या बळावर.

१९०८ साली ऑस्ट्रिया-हंगेरीने बोस्निया खालसा केला, तेव्हा बळ नसल्यामुळे रशियाला मूग गिळून बसावे लागले. परंतु सर्बांच्या मनातील शल्य तसेच राहिले. २८ जून १९१४ रोजी, म्हणजे १३८९ सालच्या कोसोव्होच्या लढाईच्या स्मृतिदिनीच, ऑस्ट्रियाचा युवराज सारायेव्होत आला आणि गाव्रिलो प्रिन्सिप या एकोणीस वर्षांच्या बोस्नियन सर्ब तरुणाने त्याला गोळी घातली. पुढे ऑस्ट्रियाने सर्बियाला ४८ तासांच्या मुदतीचा खलिता धाडला, त्या वेळी स्लाव वंशाच्या व सनातनी ख्रिस्ती धर्माच्या भाऊबंदांना दुसऱ्यांदा वाऱ्यावर सोडणे झारच्या दरबाराला लाजिरवाणे वाटले, आणि सहा आठवड्यांच्या आत युरोपातील पाच बड्या सत्ता रणांगणात उतरल्या.

कोरियातही पहिली मसलत मॉस्कोची नव्हती. उत्तरेकडील किम इल-सुंग यांनी दक्षिणेवर चढाई करण्यासाठी वारंवार गळ घातल्यावर स्टालिनने १९५० च्या प्रारंभी रुकार दिला, आणि तोही माओची संमती मिळविण्याच्या अटीवर. दक्षिणेकडील सिंगमन ऱ्ही तर आपल्या पाठीराख्यांनाही पुरून उरले: तहाच्या वाटाघाटी पुऱ्या होत आल्या असताना, जून १९५३ मध्ये, त्यांनी २५,००० हून अधिक युद्धकैदी परस्पर सोडून दिले, युद्धबंदीवर अखेरपर्यंत सही केली नाही, आणि तरीही अमेरिकेकडून संरक्षणाचा करार पदरात पाडून घेतला.

थोरांना आपल्या तंट्यात ओढण्याच्या या कलेचा सर्वांत नाट्यमय प्रयोग २६ जुलै १९५६ रोजी अलेक्झांड्रियात झाला. अस्वान धरणासाठी देऊ केलेले साह्य अमेरिकेने आठवड्यापूर्वीच काढून घेतले होते. इजिप्तचे अध्यक्ष नासर भाषणास उभे राहिले, आणि सुएझ कालवा खोदविणाऱ्या लेसेप्सचे नाव त्यांच्या तोंडून पुनःपुन्हा येऊ लागले. कारण ते नाव नभोवाणीवर कानी पडताच कालवा कंपनीच्या कचेऱ्या ताब्यात घ्याव्यात, असा संकेत ठरलेला होता. पुढे ब्रिटन, फ्रान्स व इस्रायल यांनी चढाई केली. परंतु वॉशिंग्टन आणि मॉस्को या दोन्ही प्रतिस्पर्ध्यांनी तिला विरोध केल्यामुळे रणात हरलेले नासर अरब जगताचे नायक ठरले, आणि धरण रशियाच्या पैशाने पुरे झाले.

महाराष्ट्राच्या उंबऱ्याशी असलेल्या गोमंतकाचा प्रश्नही याच जातीचा. पोर्तुगाल स्वतःच लहान व दरिद्री; पण अझोर्स बेटांवरील विमानतळाची अमेरिकेला असलेली निकड पोर्तुगीज पंतप्रधान सालाझार पुरती ओळखून होते. वसाहतींना प्रांत म्हणून मिरविण्याचा त्यांचा हट्ट डिसेंबर १९५५ मध्ये अमेरिकेच्या परराष्ट्रमंत्र्यांनी संयुक्त पत्रकात उचलून धरला. त्याच सुमारास भारतात आलेल्या बुल्गानिन-ख्रुश्चेव्ह या सोव्हिएत नेत्यांनी भारताची बाजू घेतली, आणि मांडवीकाठचा वाद शीतयुद्धात गोवला गेला. १८ डिसेंबर १९६१ रोजी सुरक्षा समितीत भारताने गोव्यात शिरलेल्या फौजा मागे घ्याव्यात, या ठरावाच्या बाजूने सात मते पडली व सोव्हिएत नकाराधिकाराने तो बारगळला. मात्र ठरावाविरुद्ध हात वर करणाऱ्यांत सिलोन, लायबेरिया व संयुक्त अरब प्रजासत्ताक हेही होते, आणि त्यांचे मत मॉस्कोच्या हुकमापेक्षा वसाहतवादाच्या तिटकाऱ्यातून आलेले होते.

तथापि ज्या अभिमानाने थोरांना खेचून आणता येते, तोच माघारीची वाट बंद करतो, आणि त्याचा हिशेब सामान्य प्रजेला चुकवावा लागतो. पहिल्या महायुद्धात लोकसंख्येच्या मानाने सर्बियाइतकी प्राणहानी क्वचितच कोणाची झाली. कोरियात लक्षावधी माणसे बळी पडून सरहद्द जवळजवळ होती तेथेच राहिली. म्हणून लहान राष्ट्रांना केवळ बिचारी ठरविणारा इतिहास त्यांची कर्तबगारी हिरावून घेतोच, शिवाय त्यांच्या राज्यकर्त्यांना जबाबदारीतूनही मोकळे करतो.