आपोआप उघडणारे फाटक

पुण्याच्या शनिवारवाड्याचा उत्तरेकडील दरवाजा दिल्ली दरवाजा म्हणून प्रसिद्ध आहे. त्याच्या प्रचंड फळ्यांवर हत्तींच्या धडका थोपविण्यासाठी अणकुचीदार खिळे ठोकलेले आहेत आणि त्यांपैकीच एका फळीत माणसापुरता एक लहानसा दिंडी दरवाजा ठेवलेला आहे. मोठे दार वाहनासाठी आणि लहान दार पायी येणाऱ्यासाठी, हा विवेक जुन्या वाडा बांधणारांस होता. दिल्लीच्या वेशीवरील गुरुग्राम नगरात आज जी नवी घरे उभी आहेत, त्यांच्या फाटकांकडे पाहिले म्हणजे या विवेकाचे पुन्हा स्मरण होते.

१९८३ च्या डिसेंबरात येथील कारखान्यातून पहिली मारुती मोटार बाहेर पडली. २०१६ साली गुडगावचे अधिकृत नाव गुरुग्राम झाले. मधल्या काळात शेतांच्या जागी सेक्टर वसले आणि घरोघरी मोटारी आल्या. अमेरिकेतल्याप्रमाणे छताकडे वर सरकणाऱ्या दाराची बंदिस्त मोटारखोली येथे क्वचितच दिसते; येथे मोटार खांबांवर उभारलेल्या घराच्या तळाशी उभी राहते आणि तिच्यापुढे रुळावरून सरकणारे लोखंडी फाटक असते. या फाटकाला दातेरी पट्टी जोडलेली असते, तिच्यात मोटरचे दंतचक्र अडकलेले असते आणि हाती धरलेल्या कळीचा इशारा मिळताच शेकडो किलो वजनाचे लोखंड निमूटपणे चालू लागते. निमूटपणे, हीच त्यातील धास्तीची गोष्ट.

पुष्कळांची समजूत अशी, की फाटक ओढण्याचे काम मोटरचे आहे. वस्तुतः चांगले बसविलेले फाटक मोटर सोडवली असता एका हाताने सरकले पाहिजे आणि जेथे सोडावे तेथेच थांबले पाहिजे. ते आपोआप घरंगळू लागले तर रूळ उताराचा आहे असे समजावे. जागोजागी अडू लागले तर चाके झिजली आहेत किंवा रुळात माती साचली आहे. मे-जूनमधील धुळीची आंधी एका दुपारी रूळ भरून टाकते. अशा वेळी फाटक मध्येच थांबते, मिस्त्रीला बोलावणे जाते आणि तो रूळ झाडण्याऐवजी मोटरचा जोर वाढवून देतो. फाटक चालू लागते, मालक संतुष्ट होतो. परंतु घडले काय, ते पाहिले पाहिजे. वाटेत काही आडवे आले आहे हे मोटरला कळते ते वाढलेल्या विरोधावरूनच. जोराची मर्यादा वर नेली की मातीचा विरोध तिला जाणवेनासा होतो, आणि त्याबरोबरच मुलाच्या अंगाचाही. म्हणून आधी रूळ, मग चाके, आणि अगदी शेवटी जोर, हा क्रम कधीही उलटा करू नये. जोर नेहमी फाटक जेमतेम चालेल इतकाच असावा.

दुसरा पहारेकरी म्हणजे प्रकाशकिरणाचा डोळा. वाटेच्या एका बाजूने दुसऱ्या बाजूस अदृश्य किरण जात असतो. तो तुटला तर मिटणारे फाटक थांबते किंवा मागे फिरते. डिसेंबर-जानेवारीच्या दाट धुक्यात, किंवा कोळ्याने जाळे विणले असता, हा डोळा उगाचच अडथळा दाखवितो. मऊ कापडाने काच पुसणे एवढेच बहुधा पुरते. काही ठिकाणी मात्र तारा परस्पर जोडून डोळा कायमचा आंधळा केला जातो. ही सोय नव्हे, घातपात होय. अमेरिकेत मुले दाराखाली सापडून दगावल्यावर १९९० साली कायदा झाला, आणि १९९३ च्या आरंभापासून तेथे घरगुती दारांच्या प्रत्येक नव्या यंत्राला अशी संरक्षक योजना सक्तीची झाली. तेथे जमिनीवर दीड इंच जाडीची लाकडी पट्टी आडवी ठेवून दार मिटवितात. पट्टीला टेकताच दोन सेकंदांत ते परत वर गेले पाहिजे. सरकत्या फाटकासाठी जुन्या वर्तमानपत्रांनी भरलेले, भिंतीशी टेकवलेले खोके वाटेत ठेवून महिन्यातून एकदा हीच परीक्षा घ्यावी. हात किंवा पाय घालून ती कधीच घेऊ नये.

दातेरी पट्टी आणि दंतचक्र यांच्यात एक-दोन मिलिमीटर अंतर राखावे, नाहीतर फाटकाचे वजन चक्रावर येऊन मोटर निकामी होते. पट्टीला वंगण थापण्याची हौस बरी नव्हे. त्यात धूळ बसून सहाणेचे काम होते. रुळाच्या टोकाचे भक्कम अडसर मात्र हलवून पाहिलेच पाहिजेत. ते सुटले तर फाटक रुळाबाहेर जाऊन आडवे कोसळते, आणि त्याखाली सापडलेल्या माणसाला सावरायला वेळ मिळत नाही. वर सरकणाऱ्या दारांच्या पिळलेल्या कमानी हे तर जाणत्या कारागिराचेच काम. त्यांना घरच्या पान्याने हात लावू नये.

वीज गेली की फाटक हाताने सोडविण्याची किल्ली लागते. ती बहुधा मालकाच्या कपाटात असते आणि फाटकाशी उभा असतो बिहारहून किंवा बंगालहून आलेला पहारेकरी, ज्याला ती कशी फिरवावी हे कोणीच दाखविलेले नसते. किल्ली त्याच्या हाताशी असावी, आणि तिचा वापर घरातील प्रत्येकाने एकदा करून पाहावा. सोडविण्यापूर्वी यंत्राचा वीजपुरवठा बंद करावा. बॅटरी जोडलेली असल्यास केवळ भिंतीवरील बटण पुरत नाही, बॅटरीही तोडावी लागते.

आणि जागा असेल तेथे, मोठ्या फाटकाशेजारी पायी जाणाऱ्यांसाठी निराळे लहान दार ठेवावे. दूधवाला, मोलकरीण, शाळेतून परतणारी मुले यांना चालत्या लोखंडाच्या वाटेने येण्याचे मग कारण उरत नाही.